नायिका न होता साडेचार दशकं: चोको ईदाचं प्रकरण

प्रकरण काय आहे

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचे जुने चित्रपट पाहणाऱ्यांना हा चेहरा ओळखीचा असतो, नाव मात्र चटकन आठवत नाही. खानावळीची मालकीण, मास्तरांची बायको, तोंडाळ शेजारीण, घरची जुनी मोलकरीण, मुलाच्या शिक्षणासाठी घर विकणारी आई. कपाळाला आठी, ओठ दाबलेले, आणि रागावलेली असतानाच आतून विरघळत चाललेली. ही चोको ईदा. जन्म 1897 चा, तोक्योच्या आसाकुसा भागातला. मृत्यू डिसेंबर 1972 मध्ये. मूकपटांच्या काळात पडद्यावर आली आणि रंगीत, रुंद पडद्याच्या काळापर्यंत टिकली. तिच्या नावावर तीनशेहून अधिक चित्रपट सांगितले जातात. त्यांतल्या ठसठशीत मध्यवर्ती भूमिका बोटांवर मोजाव्यात इतक्याच.

प्रकरण अभ्यासात (केस स्टडीत) माणसांची नावं झाकायची रीत आहे. इथे ती पाळलेली नाही, कारण या बाईंचं सगळं काम पडद्यावरच आहे. खाजगी आयुष्यात मी शिरणार नाही. फक्त नवऱ्याचा व्यवसाय एका टप्प्यावर थेट तिच्या कामाशी जोडला गेला, तेवढाच उल्लेख येईल.

माझ्या मते तिची कारकीर्द हा एका व्यावसायिक निर्णयाचा परिणाम आहे. तो निर्णय तिने अगदी सुरुवातीला घेतला आणि पुढे पुन्हा पुन्हा पक्का केला. त्याचा फायदा मोठा झाला. किंमतही पडली, आणि तिच्याबद्दल लिहिणारे त्या किमतीबद्दल फारसं बोलत नाहीत.

पार्श्वभूमी

1920 च्या आधी जपानी चित्रपटात बायकांची कामं बहुतेक पुरुषच करत. काबुकी नाटकांची परंपरा चित्रपटांनी जशीच्या तशी उचलली होती. निक्कात्सु कंपनीच्या मुकोजिमा स्टुडिओत तर 1922 च्या अखेरीपर्यंत स्त्रीपार्टी नट होते, आणि ते कंपनी सोडून गेले तेव्हा कुठे ती प्रथा मोडली. मूकपटाच्या शेजारी बसून गोष्ट सांगणारा बेन्शी सगळ्यांच्या तोंडचे संवाद आपणच म्हणायचा. त्यामुळे पडद्यावरच्या बाईचा आवाज पुरुषी आहे याने काही बिघडत नव्हतं.

शोचिकु ही मुळात नाटक कंपन्या चालवणारी संस्था. ती 1920 मध्ये चित्रपटांत उतरली, तोक्योच्या दक्षिणेला कामाता इथे तिने स्टुडिओ उभारला आणि पहिल्यापासून खऱ्या बायकांना पडद्यावर आणायचं ठरवलं. हॉलिवूडमध्ये काम केलेले हेन्री कोतानी तिथे आले. त्यांच्या हाताखाली 1921 मध्ये सुमिको कुरिशिमा झळकली, आणि जपानी पडद्याला पहिली मोठी नायिका मिळाली. तिचा चेहरा सगळीकडे दिसू लागला. अभिनेत्री म्हणजे सुंदर मुलगी, हे समीकरण लोकांच्या आणि स्टुडिओच्याही मनात तेव्हाच घट्ट बसलं.

याच सुमारास, 1922-23 मध्ये, चोको ईदा कामाताच्या दारात उभी राहिली. आधी डिपार्टमेंट स्टोअरमधली नोकरी झाली होती, नाटक मंडळीत थोडंफार काम झालं होतं. वय पंचविशीच्या पुढे, म्हणजे त्या काळच्या नायिकेसाठी उशीरच. कुरिशिमा तिच्याहून पाच वर्षांनी लहान होती आणि तोवर प्रसिद्धही झाली होती.

अडचण

अडचण दोन बाजूंनी होती. ईदाची अडचण उघड होती: रूप नायिकेचं नाही. तिच्याबद्दल सांगितली जाणारी हकीकत अशी की दिसण्यावरून तिला नकार मिळाला, तेव्हा तिने उलट विचारलं, की चित्रपटात काय सगळ्या सुंदरच बायका असतात? मोलकरणी लागतात, मुलं सांभाळणाऱ्या बाया लागतात, त्या कोण करणार? हकीकत सांगणाऱ्यांनी थोडं मीठमसाला लावला असेल. पण पुढची सगळी कारकीर्द या प्रश्नाला धरूनच गेली, म्हणून ती इथे महत्त्वाची.

स्टुडिओची अडचण तितकी उघड नव्हती. स्त्रीपार्टी नट गेल्यावर नायिकेची जागा भरायला सगळे धावले. पण नट गेले तेव्हा नायिकेबरोबर सासू, आजी, खाणावळवाली, दाई या सगळ्याच जागा रिकाम्या झाल्या. त्या भरायला कुणी जाहिरात देत नव्हतं, कुणी तरुणी त्यासाठी अर्जही करत नव्हती. ईदाने ही रिकामी जागा हेरली, असं मला वाटतं.

त्यातच 1 सप्टेंबर 1923 चा भूकंप झाला. तोक्यो आणि योकोहामा उद्ध्वस्त झाली. कामाताचं बरंच काम काही काळ क्योतोला हलवावं लागलं, निक्कात्सुने तर मुकोजिमा कायमचं सोडलं. 1924 मध्ये शिरो किदो कामाताचा प्रमुख झाला. त्याला राजे-सामुराई नको होते. भाड्याच्या घरात राहणारे कारकून, कामगार, दुकानदार आणि त्यांची हसू-आसवं हवी होती. अशा चित्रपटात नायक-नायिका दोनच असतात, पण आजूबाजूला सगळी आळी लागते.

समोर कोणते पर्याय होते

शोचिकुत नटांची उतरंड होती. सगळ्यांत खाली ‘ओओबेया’, म्हणजे एका मोठ्या खोलीत मिळून रंगायला बसणारी, गर्दीत उभी राहणारी माणसं. त्यांच्या वर ‘जुनकान्बु’, त्याहून वर ‘कान्बु’. वर चढायचा सरळ रस्ता नायिकेचा होता. ईदासमोर साधारण तीन वाटा होत्या.

पहिली: थांबून राहायचं. एखादा दिग्दर्शक वेगळ्या रूपाची नायिका शोधील या आशेवर छोटी कामं करत दिवस काढायचे. अनेकींनी हेच केलं आणि ओओबेयातच त्यांची उमेदीची वर्षं गेली.

दुसरी: नाटकाकडे परत जायचं. रंगमंचावर चेहरा लांबून दिसतो, वय आणि रूप लपतं. पण तिथे जुन्या घराण्यांची आणि गुरु-शिष्यांची पकड होती. बाहेरून आलेल्या बाईला मोठं काम मिळायची शक्यता कमीच.

तिसरी: आपलं वय आणि रूप हाच माल म्हणून विकायचा. मोलकरीण, दाई, खाष्ट घरमालकीण, पुढे आई आणि आजी. या वाटेत धोका असा की एकदा म्हातारी रंगवली की परत तरुण व्हायची सोय नाही. स्टुडिओ तुमच्यावर शिक्का मारतो आणि प्रेक्षक त्यावर दुसरा.

तिने तिसरी निवडली. तिशीत शिरल्यावर मोठ्या मुलांची आई व्हायलाही ती तयार झाली. हे तेव्हा वाटलं असेल त्यापेक्षा जास्त धाडसाचं होतं, कारण पडद्यावरचं वय पुढे सरकतं, मागे येत नाही.

काय केलं: मूकपटाची वर्षं

मूकपटात सहायक कलाकाराला फार थोडा वेळ मिळतो. मधेमधे पाट्या येतात, बेन्शी बोलत असतो, दृश्य बदलतं. पडद्यावर आल्यापासून दोन-तीन सेकंदांत ही बाई कोण, हिच्या हातात पैसे आहेत की नाहीत, हिचा राग खरा की वरवरचा, हे कळायला हवं. ईदाचं कसब इथे दिसतं. ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली की भाडं थकलं आहे हे पाटीशिवाय समजतं.

1931 च्या ‘तोक्यो नो कोरस’मध्ये ती जुन्या शिक्षकाची बायको आहे. 1933 मध्ये दिग्दर्शक मिकिओ नारुसेच्या ‘योगोतो नो युमे’मध्ये बारची मालकीण, त्या चित्रपटाची नायिका कुरिशिमा. त्याच वर्षी ओझूच्या ‘देकिगोकोरो’त खानावळ चालवणारी ओतोमे, जी एका निराधार मुलीला थारा देते. इथून तिची आणि ताकेशी साकामोतोची जोडी जमली. साकामोतोने रंगवलेला ‘किहाची’ हा अडाणी, मायाळू, हातात पैसा न टिकणारा माणूस ओझूने पुढच्या चित्रपटांतही आणला, आणि बहुतेक वेळा त्याच्यासमोर ईदा उभी केली.

1934 चा ‘उकिगुसा मोनोगातारी’ या जोडीचा सगळ्यांत पक्का चित्रपट. फिरत्या नाटक मंडळीचा मालक किहाची बऱ्याच वर्षांनी एका गावात येतो. तिथे त्याची जुनी सखी ओत्सुने छोटी खानावळ चालवते, त्यांचा मुलगा वाढवते. मुलाला सांगितलेलं आहे की बाप मेला आणि हा माणूस नात्याने काका लागतो. ईदा तेव्हा 37 वर्षांची होती, आणि पडद्यावरचा मुलगा विशीतला तरणाबांड. ओत्सुने कधी भांडत नाही, हक्क सांगत नाही. तो आला की ती साके (तांदळाची दारू) गरम करते आणि त्याच्याकडे न बघता त्याचं सगळं बघते. किहाची इथेच राहीन म्हणतो तेव्हा तिच्या चेहऱ्यावर एक क्षण आशा येते, आणि तो पुन्हा निघतो तेव्हा ती मुलाला सांभाळून घेते. नायिका म्हणावी अशी बाई चित्रपटात दुसरीच आहे, मंडळीतली नटी. तरी चित्रपट संपल्यावर लक्षात राहते ती ओत्सुने.

‘किनेमा जुन्पो’ या चित्रपटविषयक नियतकालिकाच्या वार्षिक निवडीत 1933 ला ‘देकिगोकोरो’ आणि 1934 ला ‘उकिगुसा मोनोगातारी’ पहिले आले. दोन्हींत ईदा होती. दोन्हींची चर्चा ओझू आणि साकामोतोच्या नावाने झाली. ही तक्रार नाही. सहायक कलाकाराच्या कामाचा हिशोब असाच मांडला जातो.

निर्णयाचा क्षण: आवाज

1931 मध्ये कामातातूनच जपानचा पहिला यशस्वी बोलपट निघाला. तो त्सुचिहाशी बंधूंच्या ध्वनियंत्रणेवर झाला. पण ओझू आणखी पाच वर्षं मूकपटच काढत राहिला. याचं एक कारण ईदाच्या घरातच होतं. तिचा नवरा हिदेओ मोहारा हा ओझूचा कॅमेरामन. तो स्वतःची ध्वनियंत्रणा तयार करत होता, आणि ओझूने त्याला शब्द दिला होता की माझा पहिला बोलपट तुझ्याच यंत्रणेवर होईल. स्टुडिओ घाई करत होता, बाकीचे दिग्दर्शक बोलपटांकडे गेले होते, ओझू शब्दाला बांधलेला होता.

1936 च्या जानेवारीत शोचिकुने ओफुना इथे नवा स्टुडिओ सुरू केला. कामाताच्या आसपास कारखाने वाढले होते आणि आवाज मुद्रित करायला शांतता लागते. ओफुनात त्सुचिहाशींची यंत्रणा. मग मोहाराच्या यंत्रणेवरचा ‘हितोरी मुसुको’ करायचा कुठे? रिकाम्या पडलेल्या कामातात. दिवसा रेल्वेच्या खडखडाटात काम अशक्य, म्हणून मध्यरात्रीपासून पहाटे पाचपर्यंत चित्रीकरण चाले. मोहारा ध्वनीच्या बाजूला असल्याने कॅमेरा शोजिरो सुगिमोतोने सांभाळला.

मुख्य भूमिकेत ईदा.

या निर्णयातला धोका मोजून पाहण्यासारखा आहे. नवऱ्याची न वापरलेली यंत्रणा, बायकोची मध्यवर्ती भूमिका, दिग्दर्शकाचा पहिला बोलपट, आणि कंपनीने सोडून दिलेली जागा. चित्रपट पडला असता तर एकाच घरातल्या दोघांची पत एकदम गेली असती. स्टुडिओच्या दृष्टीने पाहिलं तर हिशोब सोपा होता: नायिकेच्या नावावर चालणारा चित्रपट नाही, मोठा खर्च नाही, गेला तर ओझूचा हट्ट गेला. सहायक अभिनेत्रीला मुख्य भूमिका मिळण्याची संधी बऱ्याचदा अशीच येते, दुसऱ्या कुणाला ती नकोशी असते तेव्हा.

गोष्ट शिन्शू भागातली. रेशमाच्या गिरणीत राबणारी विधवा ओत्सुने (हेही नाव पुन्हा तेच) 1923 मध्ये मुलाला पुढे शिकवायचं ठरवते. घर-जमीन जाते, ती गिरणीच्या चाळीत राहायला येते. 1936 मध्ये मुलाला भेटायला तोक्योला जाते तेव्हा कळतं, की तो रात्रशाळेत तुटपुंज्या पगारावर शिकवतो, त्याने लग्न केलं आहे, मूलही झालं आहे, आणि आईला काहीच कळवलेलं नाही.

एका प्रसंगात मुलगा आईला बोलपट दाखवायला नेतो. जर्मन चित्रपट, गाणी, प्रेम. हा बोलपट आहे बरं का, असं तो कौतुकाने सांगतो, आणि आई बसल्या बसल्या पेंगू लागते. आपल्या पहिल्याच बोलपटात ओझूने बोलपटाची अशी फिरकी घेतली, आणि ती पेलायला ईदासारखीच बाई हवी होती. तिचं पेंगणं विनोदीही आहे आणि दमलेल्या बाईचंही.

दुसरा प्रसंग शहराबाहेरच्या माळावरचा. समोर कचरा जाळणाऱ्या भट्टीच्या चिमण्या. मुलगा म्हणतो, मी तोक्योला आलोच नसतो तर बरं झालं असतं, तुझ्याजवळ राहिलो असतो. त्याच्या हरण्यापेक्षा त्याचं हार मानणं आईला जास्त लागतं. पुढे एका रात्री ती ते बोलूनही दाखवते, आणि चित्रपटभर दाबून ठेवलेला आवाज तिथे थोडा फुटतो. ईदाच्या संवादफेकीत आसाकुसाची चटपटीत धार असायची. इथे ती तिने पूर्ण बाजूला ठेवली आहे. खेड्यातली बाई जसं शब्द जपून वापरेल तसं ती बोलते.

आणि शेवट: गिरणीत परतल्यावर ती मैत्रिणीला सांगते, मुलगा फार मोठा झाला हो. मग मागच्या अंगणात जाऊन बसते, चेहरा हळूहळू खाली येतो, आणि कॅमेरा गिरणीच्या बंद दरवाजावर जातो. ईदा 39 वर्षांची होती. तिच्या मुलाचं काम करणारा शिन्इची हिमोरी तिच्याहून सुमारे दहा वर्षांनी लहान.

त्यानंतरचं वळण

इथे प्रकरणातला सगळ्यांत कळीचा प्रश्न येतो. ‘हितोरी मुसुको’नंतर काय?

1937 मध्ये ओझूने ‘शुकुजो वा नानी ओ वासुरेता का’मध्ये तिला श्रीमंत, टापटीप, गॉसिप करणारी बाई दिली. नायिका कुरिशिमाच. ईदा त्या झगमगीत कपड्यांत अगदी सहज वावरते, म्हणजे आवाका होता. पण त्यातून वेगळी वाट निघाली नाही. 1941 च्या ‘तोदा-के नो क्योदाई’त ती पुन्हा घरची मोलकरीण.

या 1937 च्या चित्रपटाकडे दुसऱ्या बाजूनेही पाहावं. कुरिशिमा तेव्हा 35 वर्षांची होती आणि त्याच सुमारास तिने पडदा सोडला. एकदा, 1956 मध्ये नारुसेच्या ‘नागारेरू’साठी, ती परत आली. तिच्याहून वयाने मोठी ईदा पुढे तीन दशकं काम करत राहिली. एकाच स्टुडिओत एकाच पिढीत आलेल्या दोघी, एका चित्रपटात समोरासमोर, आणि एकीची कारकीर्द संपत असताना दुसरीची अर्धीही झालेली नाही. सुरुवातीच्या त्या व्यवहाराचा फायदा इतका स्पष्ट दुसरीकडे कुठे दिसत नाही.

1939 च्या चित्रपट कायद्याने सगळा धंदा सरकारच्या नियंत्रणाखाली गेला, पुढे कंपन्याही एकत्र केल्या गेल्या. त्या काळात ‘आई’ ही पडद्यावरची सरकारमान्य प्रतिमा झाली, आणि आया रंगवणाऱ्या अभिनेत्रींना कामाची ददात नव्हती. या वर्षांवर मी जास्त थांबत नाही.

युद्ध संपल्यावर, 1946 च्या सुरुवातीला, ओझू सिंगापूरहून परतला. 1947 मध्ये त्याने ‘नागाया शिन्शिरोकु’ काढला आणि दुसऱ्यांदा ईदाला मध्यभागी बसवलं. जळालेल्या तोक्योतली एक आळी. चुकलेला, बाप न सापडणारा एक मुलगा विधवा ओताने हिच्या गळ्यात पडतो. तिला तो नको आहे. तो अंथरूण ओलं करतो, मान वर करून बघतही नाही. ती त्याला घेऊन चिगासाकीला बापाचा शोध घ्यायला जाते, तिथल्या वाळूत त्याला हाकलते, पळायला बघते, तो मागे मागे येतो. सुकवलेले पर्सिमन (एक फळ) चोरल्याचा आळ ती त्याच्यावर घालते, आणि ते दुसऱ्यानेच खाल्ले हे कळल्यावर तिचा चेहरा पाहण्यासारखा होतो. ‘हितोरी मुसुको’तली आई पहिल्यापासून आई होती. ओताने हळूहळू आई होते, आणि ईदा ते मुख्यतः कपाळावरच्या आठीतून दाखवते: आठी तशीच असते, तिचा अर्थ बदलत जातो. बाप येऊन मुलाला घेऊन जातो तेव्हा ती रडते, आणि सांगते की मी दुःखाने रडत नाही, त्या पोराचं किती छान झालं म्हणून रडते.

1949 च्या ‘बान्शुन’पासून ओझूचं जग आळीतून उठून कामाकुरातल्या मध्यमवर्गीय घरांत गेलं. तिथल्या आया वेगळ्या होत्या. ‘तोक्यो मोनोगातारी’त (1953) चिएको हिगाशियामा, शांत आणि खानदानी. 1959 मध्ये ओझूने ‘उकिगुसा मोनोगातारी’ रंगीत पुन्हा केला तेव्हा ईदाची भूमिका हारुको सुगिमुराने केली. ईदा तेव्हा 62 वर्षांची होती, त्यामुळे हे स्वाभाविकही होतं. तरी यातून एक गोष्ट दिसते: दिग्दर्शकाने वर्ग बदलला की त्या वर्गाचा चेहरा झालेली नटी आपोआप बाहेर पडते, तिच्या अभिनयात काही कमी नसलं तरी.

निकाल

ती मात्र थांबली नाही. युद्धानंतर ती एका कंपनीला बांधलेली राहिली नव्हती. अकिरा कुरोसावाच्या 1948 च्या ‘योइदोरे तेन्शी’त ती डॉक्टरच्या घरची म्हातारी मोलकरीण आहे, आणि 1949 च्या ‘नोरा इनु’तही दिसते. नायिकांना कंपनीचे करार बांधून ठेवत. मोलकरीण मात्र सगळ्यांनाच हवी असते.

मग 1961 मध्ये तोहो कंपनीने ‘वाकादाइशो’ ही चित्रपट मालिका सुरू केली. युझो कायामा हा कॉलेजातला खेळाडू, घरचं सुकियाकीचं रेस्टॉरंट, आणि नातवाच्या सगळ्या उचापतींना पाठीशी घालणारी आजी रिकी, म्हणजे ईदा. कायामाचे वडील केन उएहारा हे 1930 च्या दशकात शोचिकुचे देखणे नायक. ईदा त्याच कंपनीत तेव्हा आया-मोलकरणी करत होती. आता ती त्यांच्या मुलाची आजी झाली. ज्या पोरांनी बेन्शी कधी ऐकला नव्हता, त्यांना ती थेट आजी म्हणून भेटली आणि आवडली. पंचविशीत मागितलेल्या भूमिकांना तिचं खरं वय साठीनंतर गाठत होतं.

वेगळं काय करता आलं असतं

ईदाकडून काय चुकलं, हा प्रश्न मला फारसा पटत नाही. तिच्या हातात असलेले पत्ते तिने उत्तम खेळले. तुलना किनुयो तानाकाशी केली जाते: तीही कामातातली, नायिका झाली, वय वाढल्यावर कठीण भूमिका घेतल्या, 1953 मध्ये दिग्दर्शनही केलं. पण तानाकाच्या नावावर तिकिटं विकली जात होती, म्हणून तिला दारं ठोठावता आली. ईदाकडे ते भांडवल नव्हतं.

स्टुडिओचा प्रश्न वेगळा. ‘हितोरी मुसुको’ने दाखवून दिलं होतं की चाळिशीतली, कामगार वर्गातली बाई मध्यभागी ठेवून चित्रपट उभा राहतो. त्या वाटेने लगेच दोन-तीन चित्रपट करायला हवे होते. ते न होण्याला पैशाइतकंच एक जुनं वळण कारणीभूत होतं: लेखक सहायक कलाकाराचं पात्र तिच्या आधीच्या पात्रावरून लिहितात. ओत्सुने या नावाच्या बायका तिने इतक्यांदा केल्या, यात जिव्हाळा आहे आणि आळसही.

आता किमतीबद्दल. मोलकरणीवरून ती आईवर आणि आईवरून आजीवर गेली. मधली वर्षं, म्हणजे तीस ते पन्नास वयाची, स्वतःसाठी काही हवं असणारी बाई, तिच्या वाट्याला जवळजवळ आली नाही. ‘हितोरी मुसुको’ इतका भिडतो, त्याचं एक कारण हेच असावं: तिथे तिला पहिल्या प्रसंगात तरुण असता येतं आणि तेरा वर्षांनी म्हातारं होता येतं. एरवी ती पडद्यावर आली की आधीच म्हातारी असे. मी दिग्दर्शक असतो तर 1937 च्या त्या श्रीमंत गॉसिपबाजीच्या धाग्यावरून तिच्यासाठी एखादं धारदार विनोदी पात्र बेतलं असतं. तिच्या विनोदाचा पूर्ण वापर फार कमी झाला.

या निष्कर्षाला एक मोठी मर्यादा आहे. जपानी मूकपटांपैकी फारच थोडे शिल्लक आहेत. 1928 मध्ये ओझूने ‘निकुताइबी’ नावाची विनोदी गोष्ट केली होती: बेकार नवरा, चित्रकार बायको, आणि पोट भरायला नवऱ्याने बायकोच्या चित्रासाठी उघडं उभं राहायचं. नवरा तात्सुओ साइतो, बायको ईदा, तेव्हा 31 वर्षांची. म्हणजे म्हातारी नाही, मोलकरीण नाही, घर चालवणारी कलाकार बाई. हा चित्रपट आज उपलब्ध नाही. वर जी मधली वर्षं गाळली गेली असं म्हटलं, त्यांतला काही भाग कदाचित या हरवलेल्या रिळांत होता. तेव्हा इथलं सगळं मूल्यमापन मुख्यतः 1931 नंतरच्या चित्रपटांवर उभं आहे, हे धरूनच ते वाचावं.